रोमँटिक सिंफनी ऐकायला सुरुवात कशी करावी: एक सिंफनी, अनेक रेकॉर्डिंगं

रोमँटिक काळातल्या सिंफन्यांकडे, म्हणजे ऑर्केस्ट्रासाठी लिहिलेल्या अनेक भागांच्या मोठ्या रचनांकडे, वळणारा माणूस आधी याद्या शोधतो. मग बेथोव्हेनपासून माहलरपर्यंत पंधरा-वीस रेकॉर्डिंगं जमवतो, प्रत्येकाची पहिली दहा मिनिटं ऐकतो आणि काही आठवड्यांत त्याला सगळंच सारखं वाटायला लागतं. हा लेख त्याच्या उलट वाटेने जातो. एकच सिंफनी घ्यायची, तिच्या मुख्य सुरावटी गुणगुणता येईपर्यंत ऐकायची आणि मग तीच सिंफनी दुसऱ्या ऑर्केस्ट्राकडून, दुसऱ्या कंडक्टरकडून ऐकायची. या संगीतात रचना कागदावर पूर्ण लिहिलेली असते. तरीही दोन रेकॉर्डिंगांत जमीन-अस्मानाचं अंतर पडू शकतं. ते अंतर कानाला कळायला लागलं की पुढची वाट सापडतेच.

काळाचा अंदाज असावा म्हणून एवढंच लक्षात ठेवा. बेथोव्हेनची तिसरी सिंफनी, 'एरोइका', १८०४ च्या सुमारास पूर्ण झाली आणि माहलर १९११ मध्ये वारला. साधारण या शंभर वर्षांत सिंफनी लांबली, ऑर्केस्ट्रा वाढला, हॉर्न आणि ट्रम्पेटना व्हॉल्व्ह आले, ट्रॉम्बोन कायमचे वस्तीला आले आणि संगीतकार आपल्या मनातली उलथापालथ उघडपणे मांडू लागले. बाकीचा इतिहास ऐकता ऐकता कळत जाईल.

पायरी १: सुरुवात द्वोर्झाकच्या नवव्यापासून

पहिली सिंफनी कुठली, यावर मतं वेगवेगळी असतात. माझं मत पक्कं आहे: आंतोनिन द्वोर्झाकची नववी, 'फ्रॉम द न्यू वर्ल्ड'. लांबी चाळीस-पंचेचाळीस मिनिटं. सुरावटी स्पष्ट आणि लक्षात राहणाऱ्या, आणि तरीही पन्नासाव्यांदा ऐकताना नवं काहीतरी सापडावं इतकी बांधणी पक्की.

द्वोर्झाक बोहेमियातला, म्हणजे आजच्या चेक प्रजासत्ताकातला. जेनेट थर्बर या बाईंनी न्यू यॉर्कमध्ये काढलेल्या नॅशनल कॉन्झर्वेटरीचा संचालक म्हणून तो १८९२ च्या सप्टेंबरात अमेरिकेत आला. तिथे हॅरी बर्ली हा कृष्णवर्णीय विद्यार्थी त्याला गुलामीच्या काळातली भक्तिगीतं गाऊन दाखवायचा. अमेरिकेचं स्वतःचं संगीत याच गाण्यांतून उभं राहील असं द्वोर्झाक जाहीरपणे म्हणाला, आणि त्यावरून तिथे बराच वाद झाला. सिंफनीचा आराखडा आणि स्वरलेखन त्याने १८९३ च्या मे महिन्यात संपवलं. त्याच वर्षी १६ डिसेंबरला कार्नेगी हॉलमध्ये न्यू यॉर्क फिलहार्मॉनिकने ती आंतोन झाइडलच्या संचालनाखाली सादर केली. सिंफनीत एकही भक्तिगीत जसंच्या तसं नाही. सुरावटी द्वोर्झाकच्या स्वतःच्या आहेत, पण त्यांना त्या गाण्यांचा वास आहे आणि घरची आठवणही आहे.

पायरी २: रेकॉर्डिंग शोधताना घ्यायची काळजी

मुंबईत काळा घोड्याला ऱ्हिदम हाउस होतं तोवर दुकानात जाऊन विचारता येत असे. ते २०१६ मध्ये बंद झालं. आता बहुतेकांचा आधार स्ट्रीमिंग, आणि स्ट्रीमिंगची साधी अॅप्स तीन मिनिटांच्या गाण्यासाठी बनलेली. त्यामुळे चार गोष्टी सांभाळाव्या लागतात.

शोधताना संगीतकार, सिंफनीचा क्रमांक आणि कंडक्टर अशी तिन्ही नावं एकत्र टाका. नुसतं 'न्यू वर्ल्ड' टाकलंत तर कुठल्या तरी संकलनातला एक तुकडा हाती येतो. क्रमांकाचीही एक गंमत आहे. द्वोर्झाकच्या सुरुवातीच्या काही सिंफन्या त्याच्या हयातीत छापल्याच गेल्या नाहीत. त्यामुळे हीच सिंफनी जुन्या एलपींवर 'पाचवी' म्हणून दिसते. ओपस ९५ (ओपस म्हणजे रचनेचा छापील क्रमांक) असं लिहिलेलं असेल तर ती हीच. शूबर्टच्या बाबतीत तर आजही 'ग्रेट' सी मेजर कुठे नववी असते, कुठे आठवी.

दुसरं म्हणजे पडद्यावर दिसणारं वर्ष. ते बहुधा पुनर्प्रकाशनाचं असतं. '२०१४' असं दिसणारं रेकॉर्डिंग १९६१ चं असू शकतं. खरं वर्ष सोबतच्या पुस्तिकेत किंवा अल्बमच्या तपशिलात मिळतं. अॅपल म्युझिक क्लासिकल, इडाजिओ अशी खास अभिजात संगीतासाठीची अॅप्स या बाबतीत पुष्कळ बरी. एका रचनेवर बोट ठेवलं की तिची सगळी रेकॉर्डिंगं ती एकाखाली एक दाखवतात.

तिसरं, सेटिंग. शफल बंद करा, दोन ट्रॅक एकमेकांत मिसळणारं क्रॉसफेड बंद करा आणि आवाजाची पातळी आपोआप सारखी करणारी सोय असेल तर तीही बंद करा. या संगीतात कुजबुज आणि गर्जना यांच्यातलं अंतर हाच अर्थाचा भाग आहे. ते सपाट झालं तर हाती फारसं काही उरत नाही.

आणि चौथं, ऐकण्याचं साधन. फोनच्या स्पीकरवर किंवा लहानशा ब्लूटूथ डब्यावर डबल बेस जवळजवळ ऐकूच येत नाहीत. महागडी यंत्रणा लागत नाही. वायरचे बऱ्यापैकी हेडफोन आणि पंख्याची घरघर नसलेली खोली एवढं पुरे. आवाजाची पातळी ठरवताना सिंफनीतली सगळ्यात जोरकस जागा आधी लावून पाहा आणि ती सहन होईल इतकाच आवाज ठेवा. हळू जागेवरून पातळी ठरवलीत तर पुढे दचकाल.

पायरी ३: आधी फक्त लार्गो

सिंफनीचे भाग, म्हणजे मूव्हमेंट, बहुतेक वेळा चार असतात. पहिला भाग वेगवान आणि वादळी, दुसरा संथ, तिसरा नाचरा, चौथा सगळ्याचा निकाल लावणारा. नियम सांगतो की पहिल्यापासून ऐकावं. मी नवख्या श्रोत्याला दुसरा भाग, लार्गो, आधी ऐकायला सांगतो. तो साधारण बारा मिनिटांचा आहे.

हिंदुस्तानी संगीतावर कान घडलेल्या माणसाला इथे एक गोष्ट आधी सांगायला हवी, कारण ती कोणी सांगत नाही आणि ती कळली नाही तर सिंफनी परकीच राहते. आपल्याकडे तंबोरा जुळला की मैफल संपेपर्यंत सा हलत नाही. सिंफनीत सा हलतो. पुन्हा पुन्हा, मुद्दाम, आणि त्या हलण्यातूनच नाट्य घडतं. लार्गोच्या अगदी सुरुवातीला ब्रास, म्हणजे पितळी वाद्यं, आणि खालच्या पट्टीतली फुंकवाद्यं अतिशय हळू आवाजात काही कॉर्ड, म्हणजे एकदम वाजणारे स्वरांचे गुच्छ, वाजवतात. पहिली कॉर्ड पांढरी तीनची आहे, सिंफनीच्या मूळ पट्टीची. चार मापांत (माप म्हणजे ठरावीक मात्रांचा एक तुकडा) हे स्वर एकेक पाऊल सरकत काळी एकवर येऊन थांबतात. जवळ पेटी असेल तर दोन्ही सा दाबून पाहा आणि मग हा तुकडा ऐका. पायाखालची जमीन हलली आणि आपण वेगळ्याच ठिकाणी येऊन पोहोचलो, हे अर्ध्या मिनिटात जाणवेल.

त्यानंतर कोर आंग्ले हे वाद्य येतं. ओबोचा मोठा भाऊ, आवाज थोडा दाट, नाकातला. त्यावर वाजणारी सुरावट इतकी प्रसिद्ध झाली की द्वोर्झाकच्या एका विद्यार्थ्याने पुढे १९२२ मध्ये तिच्यावर शब्द बसवले, आणि पुष्कळांना ते मूळचं लोकगीतच वाटतं. मधल्या भागात बासरी आणि ओबो उदास होतात, आणि खाली डबल बेस तारा छेडत चालत राहतात. मग एकदम ट्रॉम्बोन पहिल्या भागातली सुरावट घेऊन घुसतात. शेवटाकडे मूळ सुरावट परत येते तेव्हा ती मोजक्या तारवाद्यांकडे असते, आणि वाक्य मध्येच तुटतं. शांतता. पुन्हा सुरू होतं, पुन्हा तुटतं. सगळ्यात शेवटी नुसते डबल बेस एक कॉर्ड धरतात. तुमच्या हेडफोनवर ती कॉर्ड ऐकू आली तर तुमचं साधन पुरेसं आहे.

हा भाग तीन-चार दिवस रोज एकदा ऐका. दुसरं काही ऐकू नका.

पायरी ४: आता पूर्ण सिंफनी, एका धाग्याला धरून

पूर्ण सिंफनी ऐकताना सगळं एकदम पकडायला जाऊ नका. पहिल्या भागात संथ प्रस्तावनेनंतर हॉर्नवर एक सुरावट येते. वर चढते, खाली येते, जरा लढाऊ वाटते. तेवढीच लक्षात ठेवा. ती चारही भागांत कुठे ना कुठे परत येते. लार्गोमध्ये ट्रॉम्बोनवर, तिसऱ्या भागात वळणावर, चौथ्यात सगळ्यांबरोबर. शेवटच्या भागात आधीच्या भागांतल्या सुरावटी एकमेकींना भिडतात. जुन्या ओळखीची माणसं गर्दीत दिसावीत तसा तो अनुभव असतो. लार्गो आधी पाठ करण्याचा फायदा इथे मिळतो.

चौथ्या भागात झांजेचा एकच आघात आहे, तोही मध्यम आवाजात. पूर्ण सिंफनीत पुन्हा झांज नाही. तो सापडतो का पाहा. ट्यूबा हे भलंमोठं वाद्यही फक्त लार्गोत, मोजक्या स्वरांसाठी वापरलं आहे. शेवटची कॉर्डही नीट ऐका. एवढ्या गदारोळानंतर फुंकवाद्यं ती धरून ठेवतात आणि विझवत नेतात. काही कंडक्टर ती चटकन सोडतात, काही खूप लांबवतात. बरेवाईट नंतर ठरवा, आधी फरक टिपा.

स्वरलिपी वाचता येत नसली तरी एकदा आयएमएसएलपी या मोफत संग्रहातून मूळ स्कोअर उतरवून घ्या आणि ऐकताना नुसती पानं उलटा. कुठली ओळ कुठल्या वाद्याची हे डावीकडे लिहिलेलं असतं. पान काळंभोर दिसलं की सगळे वाजवत आहेत, पान मोकळं दिसलं की दोघं-तिघं. सुरुवातीला तेवढंही पुष्कळ आहे.

पायरी ५: तीच सिंफनी, दुसरे हात

इथपर्यंत कुठलंही चांगलं रेकॉर्डिंग चाललं असतं. आता तीन निवडक घ्या.

पहिलं इश्तवान केर्टेस आणि व्हिएन्ना फिलहार्मॉनिक, डेक्का (रेकॉर्ड कंपनी), १९६१. कंडक्टर तेव्हा जेमतेम तिशी ओलांडलेला. वेग चढे, ब्रास झळाळणारं, आणि डेक्काच्या इंजिनिअरांनी झोफिएनझाल या व्हिएन्नातल्या जुन्या सभागृहात पकडलेला आवाज आजही ताजा वाटतो. नवख्याला पहिल्या ऐकण्यासाठी मी हेच देतो.

दुसरं कारेल आंचर्ल आणि चेक फिलहार्मॉनिक, सुप्राफोन, तेही १९६१ चंच. या ऑर्केस्ट्राची पहिली मैफल ४ जानेवारी १८९६ ला प्रागच्या रुडोल्फिनममध्ये झाली आणि तिचं संचालन खुद्द द्वोर्झाकने केलं होतं. आंचर्ल नाझींच्या छळछावण्यांतून जिवंत परतला. त्याचं कुटुंब मात्र ऑशविट्झमध्ये मारलं गेलं. त्याच्या रेकॉर्डिंगमध्ये हळवेपणा जवळजवळ नाही. वाक्यं सरळ, लय घट्ट, फुंकवाद्यं किंचित आंबट-गोड, हॉर्नला हलकासा कंप. व्हिएन्नाचा हॉर्न आणि हा हॉर्न लागोपाठ ऐका. लार्गोची तीच सुरावट केर्टेसकडे स्वप्नासारखी वाटते, आंचर्लकडे कोणीतरी समोर बसून बोलल्यासारखी. मला आंचर्ल जास्त जवळचा वाटतो. रडू आवरून धरलेल्या माणसाचं बोलणं मला रडण्यापेक्षा जास्त लागतं.

तिसरं मुद्दाम टोकाचं: लेनर्ड बर्नस्टाइन आणि इस्रायल फिलहार्मॉनिक, १९८६. यात लार्गो अठरा मिनिटांच्याही वर जातो. जो भाग इतर बारा मिनिटांत वाजवतात त्याला दीडपट वेळ! पुष्कळांना हे असह्य होतं. पण लार्गो तुम्हाला पाठ झालेला असेल तर हे रेकॉर्डिंग ऐकताना कळतं की वेग बदलला की सुरावटीचा अर्थच बदलतो. या गतीत ती गाण्यासारखी राहत नाही, प्रार्थनेच्या जवळ जाते. मी हे वर्षातून एखाद्या वेळीच ऐकतो, पण ते संग्रहात नसतं तर चुकल्यासारखं वाटलं असतं.

राफाएल कुबेलिकचं बर्लिन फिलहार्मॉनिकबरोबरचं सत्तरच्या दशकातलं रेकॉर्डिंग या तिघांच्या मध्ये बसतं. संतुलित हवं असेल तर ते घ्या.

पायरी ६: दोन रेकॉर्डिंगांत नेमकं काय ताडून पाहायचं

वेग सगळ्यांना कळतो, म्हणून त्यावर फार वेळ घालवत नाही. एवढंच पाहा की वेग कुठे बदलतो आणि स्कोअरमध्ये तिथे तसं लिहिलं आहे का.

पुनरावृत्तीकडे मात्र लक्ष द्या. पहिल्या भागात सुरुवातीची मांडणी पुन्हा वाजवावी अशी खूण अनेकदा असते. काही कंडक्टर ती पाळतात, काही सोडून देतात. द्वोर्झाक नऊच्या पहिल्या भागाची लांबी नऊ-साडेनऊ मिनिटं दिसली तर पुनरावृत्ती बहुधा गाळली आहे, बाराच्या आसपास असेल तर पाळली आहे. ब्राम्सच्या पहिल्या तीन सिंफन्यांत अशी खूण आहे, चौथीत त्याने ती ठेवलीच नाही.

बैठक हा सगळ्यात कमी बोलला जाणारा मुद्दा. आज बहुतेक ठिकाणी पहिली आणि दुसरी व्हायोलिनं शेजारी शेजारी, कंडक्टरच्या डाव्या हाताला बसतात. एकोणिसाव्या शतकात ती समोरासमोर, डावी-उजवीकडे बसवायची रीत सर्रास होती. फरक काय पडतो ते चायकोव्हस्कीच्या सहाव्या सिंफनीच्या शेवटच्या भागात ऐका. सुरुवातीला जी आर्त, खाली उतरणारी सुरावट ऐकू येते ती कागदावर कुणाच्याच ओळीत नाही. एक स्वर पहिल्या व्हायोलिनांकडे, पुढचा दुसऱ्यांकडे, असा तो एकाआड एक वाटलेला आहे. सुरावट पूर्ण होते ती ऐकणाऱ्याच्या कानात. व्हायोलिनं समोरासमोर असतील तर प्रत्येक स्वर सभागृह ओलांडून जातो. शेजारी असतील तर हे सगळं एकजीव होऊन जातं आणि त्यात काही खास आहे हे कळतही नाही.

ही सिंफनी ऐकायची असेल तर येवगेनी म्राविन्स्की आणि लेनिनग्राड फिलहार्मॉनिक, डॉइच ग्रामोफोन, १९६०. ऑर्केस्ट्रा दौऱ्यावर पश्चिम युरोपात आला असताना चौथी, पाचवी आणि सहावी अशा तिन्ही सिंफन्या रेकॉर्ड झाल्या. तारवाद्यांची शिस्त थक्क करते आणि ब्रासचा आवाज अंगावर येतो. एक सूचना: पहिल्या भागाच्या मध्यावर संगीत जवळजवळ ऐकू न येण्याइतकं हळू होतं आणि पुढच्याच क्षणी सगळा ऑर्केस्ट्रा कोसळतो. हेडफोनवर आवाज वाढवून बसू नका. सिंफनी २८ ऑक्टोबर १८९३ ला सेंट पीटर्सबर्गमध्ये प्रथम वाजली, स्वतः चायकोव्हस्कीच्या संचालनाखाली. नऊ दिवसांनी तो वारला.

पायरी ७: ब्राम्स चौथी, आणि आठ स्वरांचं आवर्तन

द्वोर्झाक आणि चायकोव्हस्की पचले की ब्राम्सकडे या. त्याच्या चारही सिंफन्या मोठ्या आहेत, पण आपल्या कानांसाठी चौथी सगळ्यात योग्य, कारण तिच्या शेवटच्या भागाची रचना आपल्याला चटकन उमगते. आठ मापांची एक सुरावट आहे. मापाला एक स्वर. ई ला सा धरलात तर ती अशी: सा, रे, कोमल ग, शुद्ध म, तीव्र म, प, मग एक सप्तक खालचा प, आणि सा. बाखच्या एका कँटाटावरून, म्हणजे गायक आणि वाद्यांसाठीच्या रचनेवरून, ब्राम्सने ती घेतली आणि त्यात तीव्र म स्वतःचा घातला. या आठ मापांवर तीस वेळा वेगवेगळी बांधणी येते आणि शेवटी कोडा, म्हणजे समारोप. दहाएक मिनिटं हे आवर्तन चालू राहतं.

बोटांवर आठ मोजत ऐका. सुरावट कधी वर असते, कधी बेसमध्ये बुडालेली, कधी नुसती सूचित. बाराव्या आवर्तनाला काळ दुप्पट संथ होतो आणि एकटी बासरी बोलू लागते. फारशी साथ नाही, फारसा आधार नाही. माझ्या मते त्या शतकातल्या सिंफन्यांमधली ही सगळ्यात एकाकी जागा आहे. थोड्याच वेळात ट्रॉम्बोन मंद, गंभीर स्वरात येतात. पहिल्या तीन भागांत हे ट्रॉम्बोनवाले गप्प बसून असतात, ब्राम्सने त्यांना याच भागासाठी राखून ठेवलं आहे. मग आवर्तन पुन्हा मूळ आवेशात उसळतं आणि शेवट होतो तो कसलाही दिलासा न देता, मायनरमध्येच, म्हणजे कोमल गंधाराच्या उदास छटेतच.

रेकॉर्डिंग: कार्लोस क्लायबर आणि व्हिएन्ना फिलहार्मॉनिक, डॉइच ग्रामोफोन, १९८०. क्लायबरने आयुष्यात फार थोडं रेकॉर्ड केलं, आणि जे केलं त्यात सैल माप सापडत नाही. आवाज सुरुवातीच्या डिजिटल काळातला, थोडा धारदार आहे. पण पहिल्या भागाच्या शेवटी ताण ज्या तऱ्हेने वाढत जातो तो दुसरीकडे मला मिळालेला नाही. त्याच्या जोडीला चार्ल्स मॅकेरस आणि स्कॉटिश चेंबर ऑर्केस्ट्राचं १९९७ च्या सुमारास टेलार्कवर आलेलं रेकॉर्डिंग ऐका. चौथीचं पहिलं सादरीकरण २५ ऑक्टोबर १८८५ ला मायनिंगेनच्या दरबारी ऑर्केस्ट्राने ब्राम्सच्या संचालनाखाली केलं, आणि त्या ऑर्केस्ट्रात पन्नासच्या आसपास वादक होते. मॅकेरसने तेवढ्याच बेताच्या संख्येने वाजवून दाखवलं. फुंकवाद्यं तारांच्या ढगातून बाहेर येतात आणि ब्राम्स जड आहे हा समज बराचसा गळून पडतो. ऑटो क्लेम्पररचं १९५० च्या दशकातलं फिलहार्मोनिया ऑर्केस्ट्राबरोबरचं रेकॉर्डिंग याच्या अगदी विरुद्ध टोकाचं आहे: दगडी, संथ, पण फुंकवाद्यं तिथेही स्पष्ट.

पायरी ८: पुढचे रस्ते

इथून तुमच्या स्वभावाप्रमाणे फुटा. गोष्ट आवडत असेल तर बेर्लिओझची 'सिंफोनी फँटास्टिक', पॅरिस, १८३०. एका प्रेमवेड्या कलावंताची पाच भागांतली कहाणी, वधस्तंभापर्यंत आणि चेटकिणींच्या नाचापर्यंत जाणारी. कॉलिन डेव्हिस आणि ॲमस्टरडॅमचा कॉन्सर्टखेबाउ ऑर्केस्ट्रा, १९७४, हे भरवशाचं. जॉन एलियट गार्डिनरने १९९१ मध्ये त्या काळची वाद्यं घेऊन ती पॅरिस कॉन्झर्वेटरीच्या जुन्या सभागृहातच रेकॉर्ड केली. ते दुसरं ऐका. गाता गळा आवडत असेल तर शूबर्टची 'अपूर्ण'. ऑर्गनची थरथर अनुभवायची असेल तर सां-साँसची तिसरी, शार्ल म्युन्श आणि बॉस्टन सिंफनी, १९५९.

ब्रुकनरकडे जाताना एक गाठ लक्षात ठेवा: आवृत्त्या. तो आपल्या सिंफन्या पुन्हा पुन्हा बदलत असे, शिष्य आणि मित्रही हात घालत, आणि पुढे रॉबर्ट हास आणि लिओपोल्ड नोवाक या दोन संपादकांनी वेगवेगळे निर्णय घेतले. म्हणून अल्बमवर हास, नोवाक, १८७४, १८७८-८० असं लिहिलेलं असतं. चौथीच्या १८७४ च्या मूळ पाठात तिसरा भाग पूर्ण वेगळा आहे, तेव्हा दोन रेकॉर्डिंगं ताडताना पाठ एकच आहे ना ते आधी बघा. सातवीच्या संथ भागात कळसाला झांज वाजते की नाही, हाही आवृत्तीचाच प्रश्न: हासने ती गाळली, नोवाकने ठेवली. संगीतकार वाग्नर १८८३ च्या फेब्रुवारीत वारला तेव्हा ब्रुकनर याच भागावर काम करत होता, आणि शेवटचा शोक 'वाग्नर ट्यूबा' या पितळी वाद्यांवर आहे. सुरुवात चौथीपासून करा, कार्ल ब्योम आणि व्हिएन्ना फिलहार्मॉनिक, डेक्का, १९७३. घाई असलेल्या दिवशी ब्रुकनर लावू नका.

माहलरच्या दुसऱ्या सिंफनीसाठी मी मुंबईत जन्मलेल्या झुबिन मेहतांचं नाव घेतो, ते गाववाले म्हणून नव्हे. व्हिएन्ना फिलहार्मॉनिक, इलेआना कोत्रुबाश आणि ख्रिस्ता लुडविग यांच्यासोबत त्यांनी १९७५ मध्ये डेक्कासाठी केलेलं रेकॉर्डिंग या सिंफनीच्या उत्तम रेकॉर्डिंगांत गणलं जातं. शेवटच्या भागात कोरस अत्यंत हळू आवाजात, जवळजवळ श्वासावर सुरू होतो. त्या जागेसाठी घर निजल्यावर ऐका.

पायरी ९: जुनी, खरखरीची रेकॉर्डिंगं

ही घाईने ऐकू नयेत, पण टाळूही नयेत. १९१३ मध्ये आर्थर निकिशने बर्लिन फिलहार्मॉनिकबरोबर बेथोव्हेनची पाचवी पूर्ण रेकॉर्ड केली तेव्हा मायक्रोफोन नव्हता, वादक कर्ण्यासमोर दाटीवाटीने बसत. विजेचं रेकॉर्डिंग १९२५ मध्ये आलं. तबकडीच्या एका बाजूला चार-साडेचार मिनिटं मावत, म्हणजे एक सिंफनी आठ-दहा तुकड्यांत कापली जाई. १९४८ मध्ये एलपी आली तेव्हा कुठे एक पूर्ण मूव्हमेंट सलग ऐकता येऊ लागली. स्टिरिओ एलपी १९५८ च्या सुमारास.

एकच ऐकायचं तर ब्रूनो वॉल्टरने व्हिएन्ना फिलहार्मॉनिकबरोबर केलेली माहलरची नववी, १६ जानेवारी १९३८, प्रत्यक्ष मैफलीतली. वॉल्टर माहलरचा सहकारी, याच सिंफनीचं पहिलं सादरीकरण त्याने १९१२ मध्ये केलेलं. पहिल्या व्हायोलिनाच्या जागी माहलरचा मेव्हणा आर्नोल्ड रोझे. दोनच महिन्यांनी हिटलरने ऑस्ट्रिया गिळला. वॉल्टर आणि रोझे दोघेही ज्यू, दोघांनाही देश सोडावा लागला. वादनात चुका आहेत, श्रोते खोकतात, आवाज अरुंद आहे. वेग मात्र आजच्या बहुतेक रेकॉर्डिंगांपेक्षा चढा आहे, आणि ज्यांनी माहलरला पाहिलं होतं त्यांना हे संगीत कसं वाटत होतं याचा हा पुरावा आहे. कानाला दहा मिनिटं द्या. खरखर मागे सरते.

पायरी १०: प्रत्यक्ष मैफल

कितीही रेकॉर्डिंगं ऐकलीत तरी ऐंशी माणसं एका खोलीत एकदम श्वास घेऊन सुरू करतात ते वेगळंच असतं. मुंबईत नरिमन पॉइंटला एनसीपीए या कलाकेंद्रामध्ये २००६ पासून सिंफनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया आहे, आणि साधारण वर्षातून दोन हंगामांत त्याच्या मैफली जमशेद भाभा थिएटरात होतात. कार्यक्रम जाहीर झाला की आधी बघा कुठली सिंफनी आहे, मग तारीख. पहिल्या मैफलीला मधल्या किंवा मागच्या रांगांतलं तिकीट घ्या. अगदी पुढे बसलात तर समोरची व्हायोलिनं तेवढी ऐकू येतात आणि मागची फुंकवाद्यं दिसतही नाहीत.

पेहराव साधा, नीटनेटका असला की झालं. वेळेवर पोहोचा, उशिरा येणाऱ्याला मूव्हमेंट संपेपर्यंत बाहेर थांबावं लागतं. दोन भागांच्या मध्ये टाळ्या वाजवायची हल्ली रीत नाही. कंडक्टरचे हात पूर्ण खाली आले की मगच वाजवा. चायकोव्हस्कीच्या सहावीत तिसरा भाग इतक्या जल्लोषात संपतो की जगभर तिथे टाळ्या पडतात आणि सगळ्यात करुण भाग अजून यायचा असतो. तिथे हात आवरा. मैफलीच्या आधीच्या आठवड्यात तीच सिंफनी दोन वेगवेगळ्या रेकॉर्डिंगांतून ऐकून जा, आणि परत आल्यावर त्याच आठवड्यात पुन्हा एकदा.